संकलक म्हणजे दिग्दर्शकाची सावली? काहीही हं!

कट_टू_कट: ‘द्रष्टा दिग्दर्शक लाभला की चित्रपटाच्या संकलकाची कारकीर्द आपोआप घडते. संकलक थेल्मा स्कूनमेकर म्हणजे दिग्दर्शक मार्टिन स्कॉर्सेसीची सावली,’ अशी पोस्ट वाचली, खाली टाळ्यांचा पाऊस. राहवलं नाही. ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’त (१९६२) काडी विझते आणि वाळवंटात सूर्य उगवतो, तो कट घ्या. तिथे डिझॉल्व्ह, म्हणजे एक दृश्य विरत दुसरं उमटणं, ठरलेलं होतं. पण संकलनाच्या प्रिंटवर डिझॉल्व्ह दिसत नाही, दोन शॉट नुसते चिकटवलेले असतात. तो जोड पाहिला आणि संकलक अ‍ॅन कोट्स व दिग्दर्शक डेव्हिड लीन दोघांनाही पटलं, हाच ठेवायचा. मग कोट्सनं जोडाशी एक-दोन फ्रेम छाटून तो आणखी धारदार केला. सावल्या अशी कामं करतात होय?

रिळवाला: दोघांनाही पटलं, हे तुम्हीच लिहिलंत! लीन मुळात संकलकच. ‘अ पॅसेज टू इंडिया’ (१९८४) त्यानं स्वतः कापला, संकलनाचं नामांकनही मिळवलं. अडलं का कुणावाचून? आणि स्कूनमेकरबाई १९६७ मध्ये स्कॉर्सेसीच्या पहिल्या चित्रपटावर होत्या, पुढे युनियनच्या नियमांपायी कितीतरी वर्षं त्याचे कथापट त्यांच्या हाती आले नाहीत. त्याच काळात ‘टॅक्सी ड्रायव्हर’ झाला. त्यांच्याशिवाय.

कट_टू_कट: झाला की. मग ‘रेजिंग बुल’ला (१९८०) त्या परतल्या आणि ऑस्कर घेऊन गेल्या. स्कॉर्सेसीला दिग्दर्शनाचं मिळालं थेट ‘द डिपार्टेड’ला (२००६). तोवर बाईंकडे दोन होती, त्याच रात्री तिसरं. सावली माणसाच्या एवढी पुढे पडली, तर सूर्य कुठल्या बाजूला होता म्हणे?

मॉव्हिओला_जिंदाबाद: तुमचं चालू द्या, पण आता संकलक उरलेत कुठे? आम्ही सुती मोजे घालून फिल्म हाताळायचो. ग्रीस पेन्सिलनं खूण, मग कट, उरलेली ट्रिम, म्हणजे छाटलेला तुकडा, बिन नावाच्या पेटीत टांगायची. चार फ्रेमचा तुकडा हरवला की बिनच्या तळाशी डोकं घालून शोधायचा. म्हणून कापण्याआधी विचार करायचो! आता नुसतं अनडू.

टाइमलाइन_ताई: आलं का मोजेपुराण! ‘अपोकॅलिप्स नाऊ’ची साडेबारा लाख फूट फिल्म हाताळलेल्या वॉल्टर मर्चनं ‘द इंग्लिश पेशंट’ (१९९६) अ‍ॅव्हिडवर, म्हणजे संगणकावर, कापला आणि संकलन, ध्वनी, दोन्हींची ऑस्कर नेली. त्याच्या डोक्यातला विचार अनडूनं पुसला का?

मॉव्हिओला_जिंदाबाद: मर्च फिल्मवर घडलेला माणूस आहे, मॅडम. तुम्हाला वीस टेक मिळाले की तुम्ही वीसही टाइमलाइनवर रचून दिग्दर्शकाला विचारता, ‘सर, कुठला ठेवू?’ याला संकलन नाही, वाढपीपण म्हणतात.

टाइमलाइन_ताई: माझं काम न बघता बोलताय. तोंड सांभाळा. आणि ट्रिम हरवायची म्हणजे शिस्त होती, हे कुठलं तर्कशास्त्र?

पडद्यामागचा: भांडा खुशाल, माझंही ऐका. सहायक होतो. आमच्या ‘द्रष्ट्या’ दिग्दर्शकाचा एका रिकाम्या जिन्याच्या शॉटवर भारी जीव. नायिका वरून निघून जाते, तरी कॅमेरा हलत नाही. तो परगावी गेल्यावर आमच्या संकलकानं जिना उडवला आणि तिच्या पाठीवरून थेट दाराच्या कडीवर कट मारला. साहेब परतले, पाहिलं, म्हणाले, ‘आता कसं वाहतंय!’ जिना आठवलाच नाही. पुढे मुलाखतीत सांगत होते, मोह आवरून शॉट मीच काढला. संकलक शेजारीच बसलेला. हसला फक्त.

रिळवाला: हा किस्सा झाला, पुरावा नव्हे. सत्यजित राय यांच्याकडे ‘पथेर पांचाली’पासून (१९५५) संकलक दुलाल दत्तच होते. पण रायांच्या डोक्यात चित्रपट आधीच कापलेला असायचा. तिथे संकलकानं काय ठरवायचं?

टाइमलाइन_ताई: मग इतकी वर्षं तोच माणूस कशाला ठेवला? कात्री धरायला कुणीही चाललं असतं.

रिळवाला: बरं बाई, सावली नव्हे. ‘विश्वासू सहकारी’ म्हणतो, झालं समाधान? तिकीट मात्र लोक दिग्दर्शकाच्या नावावरच काढणार. आणि त्या मोजेवाल्यांना कुणीतरी आवरा, मला खासगी निरोपात फिल्म जोडायच्या स्प्लायसरचे फोटो पाठवताहेत.