हार्पूनला ‘विटा’ म्हणता येईल का?

इस्लामपूर : गावच्या वाचनालयात ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ हा १९२२ चा मूकपट दाखवतोय. कॅनडात हडसन उपसागराच्या काठी राहणाऱ्या इन्युइट शिकाऱ्यांचा. मधल्या इंग्रजी पाट्या मराठीत करतोय, पण वॉलरसच्या, म्हणजे लांब सुळ्यांच्या त्या मोठ्या समुद्री जनावराच्या, शिकारीपाशी अडलोय. हार्पूनला ‘भाला’ लिहिलं, ते पटत नाही.

मिरज : भाला नकोच. भाला लागला की काम झालं. इथं टोक दांड्यापासून सुटून जनावराच्या अंगात रुतून बसतं, त्याला दोर असतो आणि खरी झटापट पुढंच. पाण्यात वॉलरस, काठावर माणसं, मधे ताणलेला दोर. टाचा रोवून कशी मागं रेलतात बघा!

विटा : मग ‘विटा’ घ्या की! मराठ्यांचं जुनं हत्यार, दोरी लावलेला भाला. चालवणारा तो विटेकरी. (मी विट्याचा म्हणून सुचवतोय असं नाही.)

सातारा : दोरी दोन्हीकडं आहे, कामं मात्र उलटी. विट्याची दोरी हत्यार परत ओढून घ्यायला, हार्पूनचा दोर जनावर निसटू नये म्हणून. शिवाय विटा म्हटलं की लढाई आठवते. ‘हार्पून’च ठेवा, बंदूक नाही का रुळली? बंदुकीवरून आठवलं, चित्रीकरणाच्या वेळी त्या लोकांकडं बंदुका आलेल्या होत्या. दिग्दर्शक फ्लाहर्टीनं मुद्दाम जुन्या रीतीनं शिकार करायला लावली. तेव्हा पाटीवर ‘त्यांचं रोजचं जीवन’ वगैरे लिहिताना जरा जपून.

आटपाडी : काम बदललं म्हणून शब्द बाद होत नाही. आमच्याकडं रात्री मेंढरं ज्या जाळीत कोंडतात ती वाघर. लोकांना वाटतं, वाघापासून राखते म्हणून वाघर. पण मूळ संस्कृत ‘वागुरा’. अमरकोशात ‘वागुरा मृगबन्धनी’ आहे, म्हणजे हरणं धरायचं जाळं. धरायचं जाळं राखायचं झालं, मग विट्याच्या दोरीला वॉलरस बांधला तर काय बिघडलं?

सातारा : वाघर मेंढक्यांनी वापरून वापरून बदलली. विटा आपण कोशातून उचलून आणतोय. फरक आहे.

इस्लामपूर : काल चाचणीला ती पाटी कोरीच ठेवली होती. पुढं बसलेले एक आजोबा नातवाला म्हणाले, “दोराचा भाला हाय त्यो.” तेच लिहिलंय.

विटा : म्हणजे विटाच की ओ!