एन्सेनादाच्या गौरवात ३० जुलै १७४९ ची रात्र का येत नाही?

दीपमाळ : मार्केस दे ला एन्सेनादा म्हणजे ‘रक्ताचा थेंब न सांडता स्पेन उभा करणारा मंत्री’, असे काल येथे एकाने लिहिले आणि खाली वाहवांची रांग लागली. अर्थ, युद्ध, आरमार आणि इंडीज (म्हणजे अमेरिकेतील स्पॅनिश वसाहती) ही चारही खाती १७४३ पासून एकट्याने सांभाळणारा माणूस सामान्य नव्हता, हे मान्य. परंतु ३० जुलै १७४९ च्या रात्री देशभर एकाच वेळी धाड घालून हजारो हितानोंना, म्हणजे स्पेनमधील जिप्सींना, पकडण्याची योजना त्याच्याच हातून पार पडली. पुरुष आणि सात वर्षांवरील मुलगे आरमारी गोद्यांत राबायला गेले, बायका आणि लहान मुले वेगळी कोंडली गेली. वंश खुंटावा हाच हेतू होता.

बखरवाचक : मूळ कल्पना ओविएदोच्या बिशपची होती, तो कास्तीयेच्या कौन्सिलचा, म्हणजे राजाच्या सर्वोच्च सल्लागार व न्यायमंडळाचा, प्रमुख होता, हे आपण सोयीस्करपणे गाळले. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात सुरू झालेली एन्सेनादाची कातास्त्रोची, म्हणजे करासाठी जमीन-मिळकतींच्या नोंदीची, पाहणी पाहा. गावोगाव चाळीस प्रश्न विचारले गेले. एकोणिसावा मधमाश्यांच्या पोळ्यांविषयी, छत्तिसावा गावातील निर्धनांविषयी. सरदार आणि चर्च यांच्या मिळकतीही मोजल्या, कारण सर्वांनी ऐपतीप्रमाणे एकच कर भरावा हा उद्देश होता.

खलाशी : आणि तो कर कधीच लागू झाला नाही! खरे काम आरमाराचे. होर्हे हुआन या स्पॅनिश आरमारी अधिकाऱ्याला लंडनला गुप्तपणे धाडून त्याने इंग्रज जहाजबांधणीचे कारागीर फोडले आणि फेर्रोल, कार्ताहेना येथील गोद्या उभ्या केल्या. १७५४ मध्ये एन्सेनादाला पदावरून पाडण्यात इंग्रज राजदूत कीनचा हात होता, तो काय उगाच? दर्यावर्दी इतिहासाला येथे कोणी विचारत नाही, हे माझे जुनेच दुखणे आहे.

दीपमाळ : कार्ताहेनाची गोदी कोणाच्या बळावर उभी राहिली, ते वर लिहिलेच आहे. बेड्या घातलेले हितानो तेथेच होते.

कुंपणाबाहेर : आपण सर्व जण कागदावर भांडत आहात. माझे आजोबा सोलापूरच्या सेटलमेंटमध्ये, तारेच्या कुंपणाआड वाढले. कोणताही गुन्हा नसताना रोज हजेरी द्यावी लागे, कारण इंग्रज सरकारच्या १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने जातच गुन्हेगार ठरवली होती. त्यामुळे ‘कल्पना बिशपची होती’ हे वाचून माझे डोके फिरले. त्या रात्री सर्वाधिक सापडले ते गावात घर करून, लोहारकाम करून राहणारे, कारण त्यांचा पत्ता सरकारला ठाऊक होता. भटकणारे निसटले. स्थिर व्हा म्हणणाऱ्या राज्याने स्थिर झालेल्यांनाच उचलले.

बखरवाचक : आजोबांच्या अनुभवापुढे मी काय बोलणार? तरीही सोलापूरच्या तारा एन्सेनादाने ठोकल्या नव्हत्या, एवढे नोंदवून ठेवतो. सदाचारी हितानोंना सोडण्याचा आदेशही काही महिन्यांतच निघाला होता.

कुंपणाबाहेर : ज्याला सदाचार सिद्ध करता आला, त्याच्यासाठी. उरलेल्यांचे काय?

बखरवाचक : बरे, ती धाड त्याच्या माथी, झाले समाधान? पद गेल्यावर ग्रानादा शहरातील हद्दपारी त्यानेही भोगली.

दीपमाळ : भोगली, आणि नवा राजा तिसरा कार्लोस याने १७६० मध्ये त्याला परत बोलावले. हितानोंना माफी १७६३ मध्ये मिळाली आणि शेवटच्या कैद्यांची सुटका व्हायला १७६५ उजाडले.

खलाशी : जहाजांविषयी कोणालाच बोलायचे नाही असे दिसते.