तिथी मोजून घड्याळातला चंद्र लावू नका

मूनफेज घड्याळात, म्हणजे डायलवरच्या खिडकीत फिरत्या चकतीवरचा चंद्र आजची कला दाखवतो त्या घड्याळात, चंद्र कसा लावायचा यावर कुणीतरी म्हटलंय की कालनिर्णयात तिथी बघायची आणि तेवढ्या वेळा बटण दाबायचं. पौर्णिमेपासून सुरुवात करायची हे पटलं, अमावस्येला चंद्र लपलेला असतो मग खिडकीत मधोमध आला की नाही कळणार कसं, पण पुढे तिथी नाही तर तारखा मोजा, कारण तिथीचा क्षय किंवा वृद्धी झाली, म्हणजे एखादी तिथी गळाली किंवा दोन दिवस आली, की एक घर चुकतंच, मी चुकलोय. आणि रात्री 9 ते पहाटे 3 बटणाला हात लावू नका, तेव्हा आतले दाते अडकलेले असतात. मी अकरा वाजता टूथपिकने दाबत बसलो, तारीखच अडकली, घड्याळजीकडे न्यावं लागलं.

अजून एक गंमत, चकतीला 59 दाते आणि दोन चंद्र, म्हणजे 59 दिवसांत दोन महिने, एक महिना साडेएकोणतीस दिवसांचा, खरा चांद्रमास सरासरी 44 मिनिटांनी मोठा. त्यामुळे साधारण 32-33 महिन्यांत घड्याळातला चंद्र एक दिवस पुढे पळतो. अधिक मासही जवळपास तेवढ्याच अंतराने येतो! तो आला की मी घड्याळ एक दिवस बंद ठेवतो आणि मग फक्त तारीख पुढे करतो, चंद्र मागे फिरवता येत नाही ना.