मदत हवी आहे: तिघांचा वाढदिवस एकाच दिवशी, सिम्युलेशन शून्य दाखवतंय

कुतूहल:
दोन दिवस अडकलोय, कुणीतरी बघा. आमच्या गटात तिघांचा वाढदिवस एकाच तारखेला निघाला. एक मित्र म्हणतो, हे १,३३,२२५ मध्ये एकदाच घडतं. मला पटेना, म्हणून पायथन या प्रोग्रामिंग भाषेत सिम्युलेशन लिहिलं, म्हणजे कशाही तारखा काढून तेच हजारो वेळा करून बघणारा कोड. १०,००० फेऱ्या चालवल्या की कधी ० येतं, कधी १, एकदा २ आले. म्हणजे त्याचंच खरं का? आज रात्रीपर्यंत उत्तर हवंय.

आकडेमोड:
गटात माणसं किती?

कुतूहल:
३०. पण जुळले तिघेच ना, बाकीच्यांचा काय संबंध?

आकडेमोड:
सगळा संबंध तिथेच आहे. ३० जणांतून तिघा-तिघांचे ४०६० संच निघतात. मित्राने ३६५ गुणिले ३६५ केलं, ते एकाच ठरलेल्या संचासाठी. ४०६० ला १,३३,२२५ ने भागा, ३ टक्के येतात. नेमकं उत्तर त्याहून किंचित कमी. कोड कशाला हवा?

लंबक:
सूत्र इथे चाललं, पण उद्या ‘तिघांचे वाढदिवस एकाच आठवड्यात’ असं विचारलं तर? कागदावर मांडताना घाम फुटेल. कोडमध्ये एक ओळ बदलली की झालं.

आकडेमोड:
कागदावर अंदाज नसेल तर शून्य आल्यावर कोड चुकलाय हे कळणार कसं? या धाग्यात नेमकं तेच झालंय.

रिकामा_रकाना:
एक्सेलमध्ये करा. ३० रकान्यांत रँडबिटवीन (कोणताही एक आकडा काढून देणारं सूत्र) १ ते ३६५, शेजारी काउंटइफ (आकडा किती वेळा आला ते मोजणारं), खाली ओढत न्या. मी सगळं त्यातच करतो.

शांतामावशी:
गटात जुळी भावंडं आहेत का हो? माझ्या बहिणीची जुळी आहेत. एक मध्यरात्रीच्या आधी झाला, दुसरा नंतर, त्यामुळे दरवर्षी दोन दिवस केक.

लंबक:
कुतूहल, तुम्ही फेरीत तपासता काय? ती ओळ सांगा.

कुतूहल:
तारीख १७ नोव्हेंबर, म्हणजे ३२१ वा दिवस. १ ते ३६५ मधून ३० आकडे काढतो, ३२१ तीनदा किंवा जास्त आला तर मोजणीत एक मिळवतो.

लंबक:
इथेच चुकतंय. तिघे २०० व्या दिवशी जुळले असते तरी तुम्ही हाच धागा काढला असता ना? मग कोणतीही तारीख चालायला हवी. ३२१ काढून टाका, फेरीत सर्वांत जास्त वेळा आलेला आकडा किती वेळा आला ते बघा. ठरलेल्या एकाच तारखेला तिघे जुळण्याची शक्यता १०,००० मध्ये एकाहूनही कमी आहे, म्हणून तुम्हाला ०, १, २ दिसत होते.

आकडेमोड:
हे पटलं. दर वेळी वेगळा आकडा आला तर गोंधळू नका, १०,००० फेऱ्यांत १५-२० इकडेतिकडे होणारच.

ऋतुचक्र:
पण जन्म वर्षभर सारखे विखुरलेले नसतात! मग हे सगळं फोल.

आकडेमोड:
फोल कसं? काही दिवसांत जन्म जास्त असतील तर जुळण्याची शक्यता वाढते, कमी होत नाही.

कुतूहल:
बदललं. २७९, २९३, २८८ आले. म्हणजे ३ टक्क्यांच्या जरा खाली, सूत्राशी जुळलं. खूप आभार, मित्राला आत्ता पाठवतो.

शांतामावशी:
जुळ्यांचं सांगितलंच नाही.

कुतूहल:
हो, तिघांतले दोघे जुळे भाऊ आहेत. ते लिहायला हवं होतं का?

लंबक:
अहो! पाठवू नका अजून. मग त्या दोघांची तारीख एकच, उरलेल्या २८ जणांपैकी एक जरी जुळला की तिघे झाले. एवढ्यानेच ७ टक्क्यांच्या वर जातं. ३० ऐवजी २९ आकडे काढा आणि पहिला दोनदा मोजा.

रिकामा_रकाना:
एक्सेलमध्ये दुसऱ्या रकान्यात सूत्राऐवजी पहिल्या रकान्याचाच आकडा घेतला (=A1) की झालं.

कुतूहल:
केलं. ९४६ आले.