हिरवी प्युरी हिरवीच राहावी म्हणून तुमच्याकडे काय करतात? (अनुभव लिहा)

महालची_मोगरा: काल नातवासाठी पालक वाटला. मिक्सरचं झाकण काढताच तो कच्चट हिरवा वास आला अन् आईची रवी आठवली. ती पालक गंजात (पातेल्यात) उकळून रवीनेच घोटायची. पानं शिजेपर्यंत गंजावर झाकण ठेवू द्यायची नाही, "वाफ कोंडली की भाजी काळवंडते" म्हणायची. कारण पुढे कॉलेजात कळलं. भाजीतली आम्लं वाफेसोबत उडून जातात. झाकलं तर तिथंच राहून हरितद्रव्यातलं मॅग्नेशियम काढून घेतात, मग रंग शेवाळी. तुमच्याकडच्या रीती सांगा.

बुटीबोरी_एक्स्प्रेस: चिमूटभर खायचा सोडा. रंग असा येते का पाहतच राहा!

उन्हाळकाकडी: @बुटीबोरी भाऊ, रंग येते पण पानांचा लगदा होते, अन् सी जीवनसत्त्व जाते ते वेगळं. लेकरासाठी तर नकोच. उकळत्या पाण्यात मिनिटभर, काढलं की लगेच बर्फाच्या पाण्यात. मे महिन्यात आपल्या नळाचं पाणीच चहाला चालते, बर्फाशिवाय गत नाही.

गोकुळपेठ_ताई: गॅसवर दूध आहे, पटकन लिहिते. आधी माती काढा बाई! परातीत पाणी घेऊन पानं बुडवायची, वरच्यावर उचलून घ्यायची. पाणी ओतलं की माती परत पानांवरच. देठ कोवळे असतील तर फेकू नका. वाटताना पाणी घालायचं नाही, पानांचंच पुरते.

डब्बा_पार्टी: मोगराताई, नातू किती महिन्यांचा?

महालची_मोगरा: आठवा लागला. दात शिवशिवतात, माझा पदर चावून राहिला 😄

डब्बा_पार्टी: मग चालते. फक्त पालकाची ताजीच करा, वाटून दोन-दोन दिवस ठेवलेली बाळाला नको, त्यातल्या नायट्रेटचं नायट्राइट होते. मधूनमधून मटार, दुधी द्या.

बुटीबोरी_एक्स्प्रेस: आमच्या लेकीनं मटाराची प्युरी भिंतीवर फेकली. डाग अजून आहे, घरमालक विचारून राहिला.

उन्हाळकाकडी: 😂😂 म्हणा नवीन रंग दिला.

गोकुळपेठ_ताई: दूध उतू गेलं तुमच्यापायी.

झणझणीत: विषय सोडून विचारतो, बाजारात सांबार (कोथिंबीर) स्वस्त झाला का? घरी पाहुणे येऊन राहिले, सांबारवडी करायची आहे.

उन्हाळकाकडी: कॉटन मार्केटला सकाळी लवकर जा. अन् वड्या केल्या की पत्ता टाका.