शिकागो–मिनियापोलिस रात्रीची गाडी: लोकांनी सोडली की काढून घेतली?

मुक्काम_सेंटपॉल:
काल एकाने पोस्ट टाकली: "अमेरिकेत लोकांनी मोटारी घेतल्या, रात्रीच्या गाड्या बंद पडल्या, त्यात रडायचं काय?" दोन ओळींत उत्तर मावेना, म्हणून वेगळा धागा.

पायोनियर लिमिटेड या गाडीचंच घ्या. मिलवॉकी रोड या रेल्वे कंपनीने 1898 मध्ये हे नाव दिलं. रात्री शिकागोच्या युनियन स्टेशनात बसायचं, सकाळी सेंट पॉल, मिनियापोलिस. चारशेहून जास्त मैल झोपेत उरकायचे आणि थेट कामावर. सप्टेंबर 1970 मध्ये ती बंद झाली. पण अशा गाड्यांचं पोट नुसत्या तिकिटांवर भरत नव्हतं. टपालाच्या डब्यात कारकून उभ्याने रात्रभर पत्रं लावायचे, त्याचे पैसे रेल्वेला मिळायचे. 1967 मध्ये टपाल खात्याने देशभर बहुतेक ठिकाणी ते डबे काढले आणि टपाल ट्रक-विमानांना दिलं. आंतरराज्य महामार्गांना 1956 च्या कायद्याने 90 टक्के पैसा केंद्राचा. रेल्वेने मात्र रूळ स्वतः सांभाळायचे, वर त्या जमिनीवर करही भरायचा. याला "लोकांनी सोडली" म्हणता?

हिशेबी:
पोस्ट माझीच. टपालाचं खरं आहे, पण प्रवासी त्याआधीच गळायला लागले होते. याच दोन शहरांमधली नॉर्थ वेस्टर्न रेल्वेची दिवसाची 'फोर हंड्रेड', एवढी नावाजलेली गाडी, 1963 लाच बंद झाली. टपाल जायच्या चार वर्षं आधी! रात्रीच्या गाड्या तर तीन-तीन कंपन्या पळवत होत्या, बर्लिंग्टनही त्यात आली. एवढे प्रवासी आणायचे कुठून? मिलवॉकी रोडने 1977 मध्ये दिवाळं काढलं. अशा कंपनीने रिकामे डबे किती वर्षं ओढायचे?

रेवती_शि:
"झोपेत उरकायचे" हे वाचून राहवलं नाही. कोणाच्या झोपेत? मिलवॉकी रोड आधी स्वतःचे शयनयान चालवायची, 1927 मध्ये ते पुलमन या शयनयान चालवणाऱ्या कंपनीकडे गेले. पुलमनच्या पोर्टरला, म्हणजे डब्यातल्या सेवकाला, त्या काळात महिन्याचे 400 तास किंवा 11,000 मैल भरावे लागत. पोर्टर बहुतेक सगळे कृष्णवर्णीय. खोलीच्या भिंतीत बुटांचा कप्पा असायचा, त्याला दोन दारं. तुम्ही आतून बूट ठेवायचे, तो बाहेरून काढून रात्रभर सगळ्यांचे चकाकवायचा. वर हाक मारायची "जॉर्ज", मूळ मालक जॉर्ज पुलमनच्या नावाने. त्या गाडीसाठी गळे काढताना हेही लिहा.

दिगंबर_मा:
ताई, अर्धंच सांगताय. त्याच नोकरीवर कित्येकांनी घरं घेतली, मुलं कॉलेजात घातली. 'शिकागो डिफेंडर' हा कृष्णवर्णीयांचा पेपर दक्षिणेत गावोगाव पोचवला तो याच पोर्टरांनी. नुसते बिचारे नव्हते ते.

रेवती_शि:
बिचारे कोणी म्हटलं? 1925 मध्ये कामगार नेते रँडॉल्फ यांच्या पुढाकाराने पोर्टरांनी संघटना उभी केली, बारा वर्षं झगडून 1937 मध्ये पुलमनला करारावर सही करायला लावली, 400 चे 240 तास करून घेतले. हे नोकरीने दिलं नाही, त्यांनी हिसकावून घेतलं. माझे आजोबा आपल्याकडे डब्यात अटेंडंट होते. संडासाच्या दाराशी सतरंजी टाकून झोपायचे, उतारू त्यांना ओलांडून जायचे. मला नोकरीचे उपकार सांगू नका.

दिगंबर_मा:
आजोबांचा विषय तुम्ही काढलात. मी इतिहास सांगत होतो. पण संघटनेचं श्रेय आधी द्यायला हवं होतं, ते राहिलं.

हिशेबी:
धागा गाडीचा होता ना? मुद्दा असा, की अॅमट्रॅक या सरकारी प्रवासी रेल्वे कंपनीनेही नंतर रात्रीची गाडी करून पाहिली. 1978 ची नॉर्थ स्टार, शिकागोहून सेंट पॉलमार्गे डुलुथ. 1981 मध्ये शिकागोचा तुकडा कापला, 1985 मध्ये उरलेलीही गेली. आता कोणाचा कट?

थंडीत_मराठी:
कट-बिट राहू द्या. जानेवारीत शिकागोहून मोटारीने परत येताना विस्कॉन्सिनमधल्या टोमाच्या पुढे महामार्गावर काचेसारखा बर्फ. पुढचा ट्रक आडवा झाला, मागच्या सीटवर पोर रडतंय, इंजिन बंद करावं तर हीटर जातो. पहाटेपर्यंत तिथेच. रात्रीची गाडी कशाला हवी, हे मला आकड्यांनी पटवायची गरज नाही.

मुक्काम_सेंटपॉल:
तेच तर! 2024 पासून अॅमट्रॅकची बोरेआलिस गाडी धावते, पण दिवसा. शिकागोत सकाळी अकराच्या सुमारास बसा, सेंट पॉलला संध्याकाळी उतरा. अख्खा दिवस गेला. हिशेबी, या महामार्गाकडे कोणी कधी नफा मागितला का?

हिशेबी:
नाही मागितला. एवढं मान्य करतो, त्याहून एक इंच पुढे नाही. पोस्टमधलं "रडायचं काय" काढतो. "लोकांनी मोटारी घेतल्या" तसंच राहील.

रेवती_शि:
रात्रीच्या गाडीची मागणी करायचीच असेल तर अटेंडंटला झोपायला बर्थ आणि ठरलेले तास, हे पहिल्या ओळीत घाला. मग माझी सही धरा.

मुक्काम_सेंटपॉल:
घालतो. मसुदा रविवारी इथेच टाकतो. दिगंबरराव, तुम्हीही वाचा.