मदत हवी आहे : ‘हरिहर’ नावाबद्दल

नमस्कार. भावाला मुलगा झालाय, बारसं लालबागलाच घरी आहे आणि आत्या म्हणून नाव मी ठेवणार. मला ‘हरिहर’ मनापासून आवडलंय. आमच्याकडे वारी, वहिनीच्या माहेरी हरिहरेश्वराची भक्ती. दोन्ही घरं या एका नावात येतात.

वाचून कळलं ते असं : हरि म्हणजे विष्णू, हर म्हणजे शंकर, म्हणून हा द्वंद्व समास. दोन्ही शब्द परंपरेने ‘हृ’, म्हणजे हरण करणे, या धातूपासून सांगतात. पाप, दुःख हरण करणारे दोघेही. किती सुंदर आहे हे! एकटं ‘हरी’ मराठीत दीर्घ लिहितात, पण समासात पहिलं पद असल्यामुळे ‘हरिहर’ मध्ये रि ऱ्हस्वच. विजयनगरचं राज्य 1336 मध्ये स्थापन करणाऱ्या राजाचं नावही हरिहर, त्यामुळे ते तेव्हापासून तरी माणसांना ठेवत असणारच.

माझा प्रश्न महाराष्ट्राबद्दल आहे. आपल्याकडे हे नाव कोणत्या भागात, कोणत्या घराण्यांत जास्त चालत आलंय? कोकणात ते श्रीवर्धनजवळच्या हरिहरेश्वरावरून ठेवतात, की पंढरपूरच्या वारकरी परंपरेतून आलंय? जुन्या वंशावळीत कुणाला सापडलं असेल तर नक्की लिहा.

आणि ज्यांच्या घरी हरिहर आहे त्यांनी सांगा, हाक काय मारता? वहिनीला भीती वाटते की शाळेत नुसतं ‘हरी’ होईल आणि हर गळून पडेल. जन्मनोंदणीत नाव द्यायचंय, म्हणून जरा लवकर सांगाल का?